तुसिताचे पाच सिनेमे: कोणता घ्यावा, कोणता सोडावा

मेक्सिकोच्या जुन्या सिनेमांतला एकच विकत घ्यायचा, आणि तोही त्यातल्या लहान मुलीसाठी, तर ‘लोस त्रेस वास्तेकोस’ (१९४८) घ्यावा. दुसरा घ्यायचा झाला तर ‘दिसेन के सोय मुखेरिएगो’ (१९४९), तोही स्वस्तात मिळाला तर. उरलेले तीन ज्यांना कारकीर्द पूर्ण पाहायची आहे त्यांच्यासाठी आहेत. निकाल आधीच सांगून टाकला, कारण या सिनेमांच्या प्रती मिळवणं हे मोठं काम आहे आणि चुकीची प्रत घेतली तर जिच्यासाठी पैसे मोजले ती मुलगीच नीट दिसत नाही, नीट ऐकू येत नाही.

मुलगी म्हणजे मारिया एउखेनिया यामास. जन्म १९४४, मेक्सिको सिटी. पडद्यावरचं नाव ला तुसिता. हे नाव पहिल्या सिनेमातल्या पात्राचं. ते तिला चिकटलं आणि सत्तराव्या वर्षापर्यंत सुटलं नाही. चौथ्या वर्षी पदार्पण, १९५१पर्यंत पाच ठळक भूमिका, नंतर अधूनमधून किरकोळ कामं. पुढे ती मोन्तेरेई शहरात राहिली, टीव्ही निवेदक रोमुलो लोसानोशी लग्न केलं, मुलांना गोष्टी सांगणारी कथेकरी म्हणून उत्तर मेक्सिकोत नाव कमावलं आणि ३१ ऑगस्ट २०१४ रोजी तिथेच वारली. म्हणजे बालकलाकार म्हणून तीन-चार वर्षं, गोष्टी सांगणारी म्हणून त्याच्या कितीतरी पट. तरी मृत्यूच्या बातम्यांत मोठ्या अक्षरात आलं ते तुसिता हेच नाव.

आता मुख्य माल. ‘लोस त्रेस वास्तेकोस’चा दिग्दर्शक इस्माएल रोद्रीगेस, नायक पेद्रो इन्फान्ते, नायिका ब्लांका एस्तेला पावोन, विनोदाला फेर्नांदो सोतो ऊर्फ ‘मान्तेकिया’. कृष्णधवल, स्पॅनिश, लांबी साधारण दोन तास. वास्तेका हा मेक्सिकोच्या आखाताकडचा, अनेक राज्यांत पसरलेला मुलूख. तिथे जन्मलेले तीन जुळे भाऊ तामाउलिपास, वेराक्रूस आणि सान लुईस पोतोसी अशा तीन राज्यांत वेगवेगळे वाढतात. एक पाद्री होतो, एक फौजेत कॅप्टन, तिसरा लोरेन्सो दारूचा गुत्ता चालवतो, देवाला मानत नाही आणि ‘एल कोयोते’ नावाचा दरोडेखोर तोच असल्याचा गावाला संशय आहे. तिन्ही भाऊ इन्फान्तेच. तुसिता ही या लोरेन्सोची मुलगी. बाप एकटाच तिला वाढवतो आणि ती जे काही शिकते ते गुत्त्यात. साप आणि केसाळ मोठे कोळी हे तिचे खेळ.

सिनेमातली सगळ्यात धाडसी निवड हीच. त्या काळच्या मेक्सिकन पडद्यावर लहान मूल यायचं ते रडायला, आजारी पडायला, नाहीतर दोन मोठ्यांचं भांडण मिटवायला. इस्माएल रोद्रीगेसनेच त्याच वर्षी मार्चमध्ये ‘नोसोत्रोस लोस पोब्रेस’ पडद्यावर आणला होता. त्यात एविता मुन्योस ऊर्फ ‘चाचिता’ अकरा वर्षांची. सुताराच्या घरात वाढलेली, आईचा शोध घेणारी, आणि सिनेमाचा निम्मा भार तिच्या हुंदक्यांवर. नायक तोच, नायिका तीच, दिग्दर्शक तोच. ऑगस्टमध्ये आलेल्या ‘वास्तेकोस’मध्ये मात्र मुलीच्या वाट्याला रडणं जवळजवळ नाही. ती बापाची ऐट उचलते, त्याच्यासारखी उभी राहते, ज्याला मोठी माणसं घाबरतात त्याच्याशी खेळते. कथेचा पेचही तिच्यामुळे गोड होतो. ज्या माणसावर सगळं गाव दरोडेखोर म्हणून बोट दाखवतं, त्याच्या मांडीवर ही मुलगी निवांत बसलेली असते. त्याला निर्दोष ठरवायला वेगळा साक्षीदार लागत नाही.

चार वर्षांच्या मुलाकडून काम करून घेण्याच्या काही ठरलेल्या युक्त्या आहेत आणि त्या इथे ओळखता येतात. वाक्यं छोटी, एका श्वासात संपणारी. लांब संवाद मोठ्याच्या तोंडी, मुलाच्या वाट्याला फक्त टोला. हाताला काहीतरी काम, म्हणजे नजर कॅमेऱ्याकडे जात नाही. साप-कोळ्यांचा उपयोग इथे कथेपेक्षाही जास्त आहे: हातात जिवंत प्राणी असलेलं मूल अभिनय करायला विसरतं आणि खरोखर लक्ष देतं. म्हणून या प्रसंगांत तुसिताचा चेहरा इतका मोकळा दिसतो. (मोठ्या केसाळ कोळ्यांचं विष माणसाला सहसा जीवघेणं नसतं. तरी आजच्या चित्रीकरणात चार वर्षांच्या मुलीला असं काही हाताळू देणार नाहीत आणि ते योग्यच.) चौथी युक्ती म्हणजे समोरचा नट. इन्फान्ते मुलांबरोबरच्या दृश्यांत आपला आवाज खाली आणतो, मान झुकवतो, वाक्याच्या शेवटी थांबतो. मुलाला उत्तराची जागा मिळते आणि उत्तर उशिरा आलं तरी प्रसंग पडत नाही. लोरेन्सो-तुसिता जोडीत जे चांगलं आहे त्याचं निम्मं श्रेय या थांबण्याला द्यावं लागतं.

तिहेरी भूमिकेचं तंत्र पाहणं हे विकत घेण्याचं दुसरं कारण. त्या काळी एकच नट एका चौकटीत दोन-तीनदा दाखवायचा तर कॅमेरा जमिनीला खिळल्यासारखा पक्का करत, भिंगासमोर काळा पडदा लावून चौकटीचा एक भाग झाकत आणि उरलेल्या भागात नट एका वेषात काम करी. मग फिल्म कॅमेऱ्यातच मागे गुंडाळायची, झाकलेला भाग उघडायचा, चित्रित झालेला झाकायचा, नटाने कपडे बदलून दुसऱ्या बाजूला उभं राहायचं. हीच जोडणी नंतर ऑप्टिकल प्रिंटरवरही, म्हणजे एका फिल्मवरून दुसरी फिल्म छापणाऱ्या यंत्रावरही करता येई. बिघाडाच्या जागा ठरलेल्या. मधल्या वेळात कॅमेरा केसभर हलला तर जोडाच्या रेषेवर भिंत थरथरते. प्रकाश कमीजास्त झाला तर अर्धी चौकट उजळ दिसते. नटाचा हात रेषेपलीकडे गेला तर कापला जातो. नजर चुकली तर एक भाऊ दुसऱ्याच्या कानाशी बोलतोय असं वाटतं. म्हणून रेषा खांबावर, दाराच्या चौकटीवर किंवा टेबलाच्या कडेवर आणतात आणि मधेमधे पाठमोरा बदली नट उभा करून साधा शॉट घेतात. तिघे भाऊ एकत्र येतात तेव्हा माणसांकडे न पाहता मागच्या भिंतीकडे पाहावं. जोड सापडतो, आणि सापडल्यावर तो किती कमी वेळा सापडतो याचं कौतुक वाटतं.

अशा चौकटीत लहान मूल ठेवणं फार अवघड. मोठा नट त्याच जागी, त्याच तालात दुसऱ्यांदा प्रतिक्रिया देऊ शकतो. चार वर्षांचं मूल पहिल्या फेरीत हललं तर दुसरी फेरी वाया. त्यामुळे तुसितासाठी साधा, एका दमात घेतलेला शॉट हाच सोयीचा मार्ग, आणि तिच्या प्रसंगांना जो मोकळा श्वास आहे त्याचं एक कारण हेही असावं.

आवाजाबद्दल थोडं सविस्तर, कारण दिग्दर्शक इस्माएलच्या रोद्रीगेस घराण्याचा तो धंदा. इस्माएलचे थोरले भाऊ होसेलितो आणि रोबेर्तो. या दोघांनी लॉस एंजेलिसमध्ये हलकं, सहज हलवता येणारं ध्वनिमुद्रण यंत्र बनवलं होतं. मेक्सिकोच्या बोलपटांची वाट मोकळी करणारा ‘सान्ता’ याच यंत्रावर मुद्रित झाला. तो मार्च १९३२मध्ये प्रदर्शित झाला, म्हणजे आपल्या ‘अयोध्येचा राजा’नंतर जेमतेम दोन महिन्यांनी. ‘वास्तेकोस’ही याच तंत्रज्ञ भावांच्या घरातून आलेला आहे, हे त्याचा आवाज ऐकताना लक्षात ठेवावं. मूळ ध्वनिपट्टी मोनो आहे, एकाच वाहिनीची. तुसिताचा आवाज बारीक, किंचित घोगरा, शब्द अर्धवट गिळणारा. तो मध्यम ते उंच स्वरपट्ट्यात बसतो. नेमका हाच पट्टा खराब प्रतींत आधी मारला जातो. जुन्या पट्टीवरची खरखर काढायला कोणी गाळणी जास्त घट्ट लावली की खरखरीबरोबर तिचे ‘स’ आणि ‘च’ही जातात आणि मुलगी घशात बोळा असल्यासारखी बोलते. थोडी खरखर असलेली प्रत नेहमी बरी.

प्रत तपासण्याची सोपी रीत या सिनेमात आपोआप मिळते. वास्तेकातल्या पुरुषांचे पांढरे सुती कपडे आणि पाद्री भावाचा काळा झगा. उन्हातल्या प्रसंगात पांढऱ्या सदऱ्याच्या चुण्या दिसतात का ते पाहा. दिसत नसतील तर उजेड जळालेला आहे, म्हणजे कुठल्यातरी जुन्या टीव्ही प्रक्षेपणाची नक्कल. मग झग्याकडे पाहा. घड्या दिसायला हव्यात. झगा म्हणजे नुसता काळा डाग असेल तर अंधारातला तपशील गेलाय आणि गुत्त्यातल्या प्रसंगांत तुसिताचे डोळेही गेलेत. या दोन कसोट्या पार पडल्या की बाकीचं बहुतेक ठीक असतं.

तिसरी तपासणी चौकटीच्या आकाराची. हे सिनेमे जवळपास चौकोनी पडद्यासाठी आहेत, रुंदी उंचीच्या १.३७ पट. आजच्या रुंद टीव्हीवर डावी-उजवीकडे काळे पट्टे दिसलेच पाहिजेत. दिसत नसतील तर एकतर चित्र ताणलंय, म्हणजे सगळे जाड दिसतात, किंवा वर-खाली कापलंय. कापलेल्या प्रतीत सर्वांत जास्त नुकसान बुटक्या पात्राचं. उभ्या इन्फान्तेबरोबरच्या दृश्यात खालची कड कापली की मुलगी कपाळापुरती उरते. टीव्हीच्या मेनूत चित्राचा आकार ‘ओरिजिनल’ किंवा ‘४:३’ करावा, हालचाल गुळगुळीत करणारी सोय बंद करावी, शार्पनेस जवळपास शून्यावर आणावा. दाणेदार फिल्मवर शार्पनेस वाढवला की चेहऱ्यावर मुंग्या चालल्यासारखं दिसतं.

चौथी, वेगाची. टीव्हीच्या जुन्या दोन पद्धती, एनटीएससी आणि पाल. मेक्सिकोत डिस्क एनटीएससी पद्धतीच्या असतात, त्यात सिनेमाचा वेग बदलत नाही. युरोपात निघालेल्या पाल पद्धतीच्या डीव्हीडीवर सेकंदाला २४ ऐवजी २५ चौकटी धावतात. १२० मिनिटांचा सिनेमा ११५ मिनिटांत संपतो आणि सूर अर्ध्या सुरापेक्षा थोडा कमी इतका चढतो. बाप्याच्या आवाजात ते खपून जातं. चार वर्षांच्या मुलीचा आवाज मात्र कार्टूनसारखा होतो आणि गाणी पळतात. म्हणून डिस्कच्या मागे लिहिलेली लांबी आधी वाचावी. लांबी चार-पाच मिनिटांनी कमी असेल तर बहुधा हेच कारण. दहा-पंधरा मिनिटांनी कमी असेल तर प्रसंग कापलेत, आणि कात्री बहुतेक वेळा गाण्यांवर पडते.

भारतात डिस्क मागवणाऱ्यांनी विभाग पाहावा, म्हणजे ती जगाच्या कोणत्या भागातल्या प्लेअरवर चालेल हे सांगणारा क्रमांक. डीव्हीडीसाठी मेक्सिको विभाग ४, अमेरिका १, भारत ५. मेक्सिकन डिस्कवर अनेकदा १ आणि ४ दोन्ही छापलेले असतात. अमेरिकेतल्या मराठी घरांत त्या थेट चालतात, पुण्या-मुंबईच्या साध्या प्लेअरवर चालत नाहीत. सर्व विभाग वाचणारा प्लेअर किंवा संगणकाची डिस्क ड्राइव्ह लागते. ड्राइव्हचा विभाग मोजक्याच वेळा, साधारण पाचदा बदलता येतो आणि शेवटचा बदल कायमचा राहतो, हे विसरू नये. ब्लू-रेचं गणित वेगळं: मेक्सिको आणि अमेरिका दोन्ही ए, भारत सी.

उपशीर्षकं ही या सिनेमाची सर्वांत कच्ची बाजू. स्पॅनिश येत नसेल तर इंग्रजी उपशीर्षकं असलेलीच प्रत घ्या, आणि ती माणसाने केलेली आहेत का पाहा. यंत्राने आपोआप तयार केलेली उपशीर्षकं तीन ठिकाणी हमखास कोसळतात. एक, तुसिताचे बोबडे शब्द. यंत्राला ते ऐकूच येत नाहीत आणि पडदा रिकामा राहतो. दोन, गुत्त्यातली ग्रामीण बोली. तीन, गाणी. वास्तेकाचं संगीत म्हणजे व्हायोलिन आणि दोन प्रकारच्या गिटारी, खाराना आणि वापांगेरा. गायक मधेच आवाज फोडून वरच्या पट्टीत उडी घेतो. ओळींतून एकमेकांना टोमणे मारायचे, डिवचायचे ही तिथली रीत, आपल्याकडच्या सवाल-जबाबाच्या जवळची. या ओळी भाषांतरित नसतील तर दोन भावांमधलं अर्धं भांडण प्रेक्षकाला कळतच नाही.

मुलांना दाखवावा का? आठ-नऊ वर्षांच्या पुढे, मोठं माणूस शेजारी बसणार असेल तर. बंदुका, दारू आणि बाईला मालमत्ता समजणारी मर्दानी फुशारकी भरपूर आहे, आणि सिनेमा तिच्याकडे कौतुकानेच पाहतो. कोळ्यांचे प्रसंग पाहून लहान पोरांनी अनुकरण करण्याचा धोका खरा आहे. आपल्याकडच्या काही कोळ्यांचा चावा चांगलाच त्रासदायक असतो.

आता बाकीचे चार. चारही रोबेर्तो रोद्रीगेसचे, म्हणजे धाकट्या भावाला सापडलेली मुलगी मोठ्याकडे आली. ‘दिसेन के सोय मुखेरिएगो’त पुन्हा इन्फान्ते, बरोबर सिल्विया देर्बेस आणि आजीच्या भूमिकेत सारा गार्सिया. मेक्सिकोची सार्वजनिक आजी ती हीच, पुढे तिचा चेहरा चॉकलेटच्या पाकिटावर छापला गेला. पात्राला नाव पुन्हा तुसिताच. इथून घसरण सुरू होते, पण अजून मजा आहे, कारण सारा गार्सियासमोर कोणालाच ढिलं काम करता येत नाही. वयाच्या दोन टोकांच्या या दोघी पडद्यावर आल्या की नायक बाजूला पडतो. खटकतं ते एवढंच की मुलगी आता माणूस राहिलेली नाही, गंमत झाली आहे. प्रसंग थांबतो, ती काहीतरी लाडिक करते, प्रसंग पुढे जातो. तिला कापून काढलं तरी कथा मोडत नाही. ‘वास्तेकोस’मध्ये असं करता आलं नसतं.

‘एल सेमिनारिस्ता’ (१९४९) हा सेमिनरीतून, म्हणजे पाद्री घडवणाऱ्या शाळेतून बाहेर पडलेल्या भावी पाद्र्याचा सिनेमा. इन्फान्तेच्या गाण्यांसाठी घ्यावा, तुसितासाठी नको.

‘लास दोस वेर्फानितास’ (१९५०) आणि त्याच्या पुढचा ‘लोस इखोस दे ला काये’ (१९५१) यांत मात्र निर्मात्यांनी दोन्ही नाणी एकत्र वाजवली: चाचिता आणि तुसिता. दोघी अनाथ, जोडीला होआकीन कोर्देरो, आणि इन्फान्ते नाही. म्हणजे तिकीट आता या दोन मुलींच्या नावावर विकायचं होतं. दोघींच्या कामाची तुलना करणाऱ्यासाठी पहिला उपयोगी आहे. चाचिता तेव्हा तेरा वर्षांची, सराईत, कुठे थांबायचं, आवंढा कुठे गिळायचा हे तिला पक्कं ठाऊक. तुसिता सहाची. तिच्याकडे ते तंत्र नाही आणि तंत्र नसणं हीच तिची पुंजी होती. अश्रूंच्या सिनेमात ती पुंजी कामाची नाही. तिला रडायला लावलं की ती इतर कुठल्याही मुलीसारखी दिसते. दुसऱ्या भागात हे आणखी उघडं पडतं, आणि दोन्ही भाग पाठोपाठ पाहणं हे शिक्षेसारखं आहे.

कारकीर्द आखूड का राहिली याचं उत्तर या क्रमातच आहे. लोक ‘मुलगी वाढली’ म्हणून सोडून देतात, पण चाचिताही वाढली आणि २०१६ साली वारली तोवर सिनेमा-टीव्हीवर तिचं नाव चालू राहिलं. फरक असा की चाचिताला रडणं, भांडणं, विनोद, गाणं अशी हत्यारं लहानपणीच मिळाली होती, ती वयाबरोबर नेता आली. तुसिताला एकच गोष्ट मिळाली, निर्भयपणा, आणि तो चार वर्षांच्या देहातच आश्चर्याचा. सात वर्षांची मुलगी सापाला घाबरली नाही तर ती धीट म्हणायची, एवढंच. पहिल्या सिनेमाने तिला भूमिका दिली, पुढच्यांनी तिचं टोपणनाव विकलं. त्यात पडद्यावरचा बाप दूर झाला. आणि पहिल्या सिनेमातली नायिका पावोन २६ सप्टेंबर १९४९ रोजी विमान अपघातात गेली, तेव्हा ती जुनी मंडळी पुन्हा जमवणंही शक्य राहिलं नाही. इन्फान्तेही १९५७ साली मेरिदाला विमान अपघातातच गेला.

घरातली किंवा हाताशी असलेली मुलं पडद्यावर आणायची ही रोद्रीगेसांची रीतच होती. होसेलितोची मुलगी तितिना रोमाय १९४८च्याच ‘आंखेलितोस नेग्रोस’मध्ये इन्फान्तेसमोर आहे, चेहऱ्याला काळा रंग फासून. वर्णभेदाविरुद्धचा सिनेमा आणि त्यात हा मेकअप, आज पाहवत नाही. सिनेमाच्या आरंभकाळात घरचीच मुलं घेणं सगळीकडे दिसतं. दादासाहेब फाळक्यांनी ‘कालिया मर्दन’मध्ये (१९१९) कृष्ण केला तो स्वतःच्या मुलीला, मंदाकिनीला घेऊन, आणि तिचीही कारकीर्द बालपणाबरोबरच आटोपली.

पैशाचा हिशेब असा. ‘लोस त्रेस वास्तेकोस’साठी चांगल्या प्रतीला जास्त पैसे मोजावेत, इन्फान्तेच्या सिनेमांच्या मोठ्या संचात तो येत असेल तर संचाची छपाई कशी आहे ते एका डिस्कवरून तपासून मगच घ्यावा. अशा संचांत एका डिस्कवर दोन-तीन सिनेमे कोंबलेले असतात. एका थराच्या डीव्हीडीवर साधारण ४.७ जीबी मावतं. त्यात एक दोन तासांचा सिनेमा नीट बसतो, दोन बसवले की हलत्या दृश्यांत चौकोनी ठिपके पडतात आणि काळ्या झग्याची घडी पहिली नाहीशी होते. दोन थरांची, ८.५ जीबीची डिस्क असेल तर दोन सिनेमे चालतील, तीन नाहीत. ऑनलाइन फुकट सापडणाऱ्या प्रतींवर कोपऱ्यात वाहिनीचं चिन्ह असतं आणि हलत्या दृश्यात कंगव्यासारख्या आडव्या रेषा दिसतात. ओळख करून घ्यायला त्या पुरतील. वीएलसीसारख्या प्लेअरमध्ये डीइंटरलेस चालू केलं तर रेषा जातात, चिन्ह जात नाही. ‘मुखेरिएगो’साठी एवढंच पुरे. ‘वास्तेकोस’साठी नाही. आणि ‘वेर्फानितास’ची प्रत शोधताना दुसऱ्या भागाशी बांधलेली जोडडिस्क गळ्यात पडली तर दुसरा भाग लावायची घाई नको.